आमच्या तुपातली चरबी

अजूनही कुणाकडे जेवायला गेले आणि वरणभातावर तूप पडलं, की माझं नाक माझ्या आधी पानावर वाकतं. वाढणारीच्या ते लक्षात येतं, मी ओशाळते, पण सवय जात नाही. तेलातुपाच्या प्रयोगशाळेत माझी सगळी नोकरी झाली. लोकांच्या डब्यांवर संशय घेण्याचाच मला पगार मिळत होता. निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली तरी वाण्याकडची बरणी मी उलटी करून बारीक अक्षरं वाचते, आणि वाचूनही विश्वास ठेवत नाही. माझ्या धाकट्या बहिणीचा मुलगा निर्यातीच्या धंद्यात आहे. फोन केला की तो जगाचे भाव सांगतो. परदेशी लोणी वर गेलं, पामतेल खाली आलं, आणि अमेरिकेत म्हणे गुराच्या चरबीला पुन्हा दिवस आलेत. छान काचेच्या बरण्यांत भरून ती तेलाहून महाग विकतात. ‘‘मावशी, ट्रेंड आहे,’’ तो म्हणतो. मी ‘‘हो का’’ म्हणते आणि विषय बदलते. त्याला काय सांगू, की ह्याच चरबीच्या नावाने आमच्या घरातलं एक माणूस कायमचं कमी झालं, आणि ते करण्यात पुढाकार माझा होता.

नाशकात तेव्हा आम्ही दोन खोल्यांत राहायचो. आमची कॉलनी सगळी बौद्धांची; कुणी कारकून, कुणी शिक्षक, कुणी कारखान्यात. दादा, म्हणजे माझे वडील, नगरपालिकेत कारकून होते. आई तूप विकायची. येवल्याच्या बाजूला माझ्या मामाची थोडी शेती आणि चार म्हशी होत्या. दर गुरुवारी तो लोण्याचा डबा एसटीच्या कंडक्टरजवळ द्यायचा, आणि दादा स्टँडवर जाऊन तो सोडवून आणायचे. आई ते लोणी तीन पाण्यांतून धुवायची, इतकं की शेवटचं पाणी ती स्वतः तोंडात घेऊन बघायची. मग स्टोव्हची घरघर सुरू व्हायची आणि त्यावर पातेल्यातली कडकड. आई स्टोव्हसमोर पाट टाकून बसायची आणि कुणाशी बोलायची नाही, कारण तुपाला डोळ्यांपेक्षा कान जास्त लागतो असं तिचं म्हणणं होतं. कडकड हळूहळू बारीक होत जायची, थांबायची, आणि त्याच क्षणी आई विड्याचं पान सोडायची. पान चुर्रकन वाजलं की ती पहिल्यांदा आमच्याकडे बघायची. खालची बेरी गूळ घालून आम्हा दोघी बहिणींना मिळे. तूप मात्र घरासाठी एका लहान बरणीत, बाकी सगळं गिऱ्हाइकांच्या डब्यांत.

ही गिऱ्हाइकं सहजासहजी मिळालेली नव्हती. पलीकडच्या वसाहतीत आई पहिल्यांदा गेली तेव्हा लिमयेबाई नावाच्या मुख्याध्यापिकेने तूप मनगटावर चोळलं, वास घेतला, गाव विचारलं. मग आडनाव विचारलं. आईने ते खणखणीत सांगितलं. बाई जरा वेळ दाराच्या कडीशी चाळा करत राहिल्या आणि मग म्हणाल्या, ‘‘द्या पाव किलो.’’ त्यांच्यामागून आणखी दहा-बारा घरं आली. लिमयेबाई आमचं तूप घरी पुन्हा एकदा कढवून मगच वापरतात, हे आईला त्यांच्या मोलकरणीकडून कळलं होतं. तरी आई डबा पोचवत राहिली. तूप बंद झालं असतं तरी आम्ही उपाशी मेलो नसतो. पण आपल्या हातचं त्या ताटांत जातं, देवाच्या निरांजनात जातं, ह्या गोष्टीपायी आई ताठ मानेने त्या गल्लीतून चालायची. तिच्यासाठी तूप म्हणजे ती मान होती.

आणि म्हणूनच तिची आत्याच्या डबीशी लढाई होती. आत्या म्हणजे दादांची थोरली विधवा बहीण. दादांना तिनेच वाढवलं होतं, मूलबाळ नव्हतं, आमच्याकडेच असायची. रविवारी मटण आलं की ती चरबी वेगळी काढायची, मीठ-हळद लावून मंद आचेवर वितळवायची आणि ॲल्युमिनियमच्या डबीत भरून मोरीच्या वरच्या फळीवर ठेवायची. आठवडाभर तिच्या भाकरीला, तिच्या पिठल्याला तेवढंच लागे. तिला तूप आवडत नसे. दुधाचा वास येतो म्हणे.

‘‘आक्का, तुम्ही खा, पण ती डबी माझ्या स्टोव्हकडं आणू नका,’’ आई म्हणायची. ‘‘नुसता वास लागला तरी माझे डबे परत येतील.’’

‘‘कोणाचे डबे गं? ज्यांच्या पाण्याला आपल्या बापजाद्यांला हात लावू देत नव्हते, त्यांचे?’’

‘‘त्यांचेच,’’ आई म्हणायची. ‘‘म्हणून तर.’’

आत्या पदराने तोंड पुसायची आणि भिंतीला सांगितल्यासारखं म्हणायची, ‘‘ह्याच चरबीवर तुझा नवरा मोठा केला म्या. लय वाईट असती तर हापिसात बसला असता का?’’ आईने दादांकडून मात्र कबूल करून घेतलं होतं, की ते घरात चरबी खाणार नाहीत. दादा मान हलवायचे. दादांचा बराचसा संसार मान हलवण्यातच झाला.

मग ते वर्ष आलं. वर्तमानपत्रांत रोज तेच: परदेशातून जहाजांनी जनावरांची चरबी येते, साबणासाठी म्हणून उतरते आणि वनस्पती तुपात, खऱ्या तुपात मिसळली जाते. स्वस्त असते, पांढरी असते, वितळवली की ओळखू येत नाही. अख्खं शहर एकमेकांच्या डब्यांत नाक घालू लागलं. मिठाईवाल्यांनी ‘शुद्ध’ शब्दाच्या पाट्या रंगवल्या आणि त्या पाट्यांमुळेच लोकांना जास्त शंका यायला लागली. आमच्या गिऱ्हाइकांनी तोंडाने काही म्हटलं नाही. पण डबा घेताना दाराशी थांबण्याचा वेळ वाढला. पूर्वी ‘‘लोणी कुठून येतं’’ असं विचारणाऱ्या बाया आता ‘‘घरात कोण कोण असतं’’ असं विचारायला लागल्या. तुमच्यात खातात ना, असं कुणीच बोललं नाही. ते नुसतं हवेत असायचं.

त्यात तूपच विचित्र वागायला लागलं. उन्हाळ्याचे दिवस, दुपारी घराचा पत्रा तापलेला, आणि डब्यातलं तूप घट्टच्या घट्ट. रवा मोठा, रंग पांढुरका. लिमयेबाईंनी आईला डबा उघडून दाखवला. ‘‘सुमनताई, मी काही म्हणत नाही हं,’’ त्या म्हणाल्या, ‘‘पण एवढ्या उन्हात तूप असं उभं कसं राहतं?’’ आई घरी आली आणि पातेल्याला हात न लावता बसून राहिली. त्या आठवड्यात मामाकडून लोणीही कमी आलं होतं, तरी तिने सगळ्यांचे डबे भरले होते. ‘‘माझ्या तुपात काही नाही,’’ ती एकदा म्हणाली. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाली, आणि ह्या खेपेला तिचा आवाज विचारल्यासारखा होता.

मी तेव्हा बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होते, विषय रसायनशास्त्र. शिकलेल्या मुलीला घरात जो एक शहाणपणाचा ताठा येतो तो मला पुरेपूर आला होता. मी आईला न सांगता औषधाच्या बाटलीत तूप घेतलं आणि कॉलेजात सरांकडे गेले. पहिली परीक्षा सोपी होती: तुपात आम्ल आणि साखर घालून हलवायचं, वनस्पती असेल तर खाली लाल रंग उतरतो. रंग आला नाही. मला इतका आनंद झाला की मी ती नळी सरांच्या नाकासमोर नाचवली. सर शांतपणे म्हणाले, ‘‘चरबी असेल तर ह्यात कळत नाही, बाई.’’ मग त्यांनी दुसरी, लांबलचक परीक्षा लावली. तुपात उडून जाणारी काही आम्लं असतात, ती मोजायची. चरबीत ती जवळजवळ नसतात, म्हणून चरबी मिसळली की आकडा पडतो. आमचा आकडा पडला होता. सरांनी तो दोनदा काढला, चष्मा पुसला आणि मला विचारलं, ‘‘कुणाचं तूप आहे हे?’’ मी म्हटलं, ‘‘शेजारच्यांचं.’’

कॉलेजपासून घरापर्यंत मी चालत आले. लोणी मामाचं, कढवणारी आई. दोघांपैकी कुणी असं करणार नाही ह्याची मला खात्री होती. मग उरलं कोण? आई डबे पोचवायला जायची तेव्हा घरात एकटी आत्या असायची. आईच्या गिऱ्हाइकांबद्दल तिच्या मनात अढी होती. आणि घरी पोचल्यावर मी मोरीवरची डबी काढून बघितली. रविवारी माझ्यादेखत काठोकाठ भरलेली डबी बुधवारी तळाला गेली होती. एवढी चरबी एकटी म्हातारी तीन दिवसांत खाते? मनात पाल चुकचुकली म्हणतात तसं नव्हतं ते, मला तर गणित सुटल्यासारखं झालं.

पुढच्या रविवारी दुपारी सगळे घरात होते. आई परातीत लोणी धूत होती. दादा जेवून पान लावत होते. आत्या उंबऱ्याशी लसूण सोलत होती. मी प्रयोगशाळेतला आकडा सांगितला, तो पडतो म्हणजे काय ते सांगितलं, आणि वळून विचारलं, ‘‘आत्या, तू आईच्या तुपात चरबी घातलीस ना?’’

आत्याने माझ्याकडे बघितलंच नाही. ती आईकडे बघत राहिली. मग लसणाची साल झटकत म्हणाली, ‘‘हा. म्याच घातली.’’

‘‘आक्का!’’ आईच्या हातातला लोण्याचा गोळा पाण्यात पडला. ‘‘का पण?’’

‘‘घातली. आता काय इचारायचं त्यात.’’

दादा पानाला चुना लावत होते, तो लावतच राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी आत्याने तिची कापडी पिशवी भरली. दिंडोरीजवळच्या खेड्यात तिचा चुलतदीर राहत होता, तिथे ती निघाली. दादा तिला एसटीत बसवून आले. आई आतल्या खोलीतून बाहेर आली नाही. मग तिने लुगडं बदललं आणि घरोघर जाऊन सगळे डबे परत मागून घेतले. ‘‘आमच्या नणंदेकडून चूक झाली,’’ ती प्रत्येक दारात म्हणाली, ‘‘त्या आता घरात नाहीत.’’ मी तिच्याबरोबर डबे धरायला होते. लिमयेबाईंनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि ‘‘हुशार आहे हो मुलगी’’ म्हणाल्या. खोटं कशाला सांगू, मला त्या दिवशी अभिमान वाटला.

तो अभिमान जेमतेम आठवडाभर टिकला. मोरीची फळी पुसताना मी ती डबी उचलून कचऱ्यात टाकायला निघाले, तर दादांनी ती माझ्या हातातून घेतली आणि आईला ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाले, ‘‘ही मी संपवत होतो.’’

‘‘काय?’’

‘‘रोज ऑफिसच्या डब्यात. आक्का भाकरीला लावून, फडक्यात बांधून द्यायची, आणि तिच्या नकळत वर आणखी मी थापून घ्यायचो. तुझ्या आईला कबूल केलं होतं ना, घरात खाणार नाही म्हणून. मग बाहेर खायचो.’’

‘‘मग तेव्हा का नाही बोललात?’’

‘‘ती ‘मीच’ म्हणाली,’’ दादा म्हणाले. ‘‘मला वाटलं, उरलेली घातली असेल.’’ त्यांचे डोळे भरून आले होते आणि मला त्यांचा संताप आला. आज मी त्यांच्या तेव्हाच्या वयाच्या पुढे गेले आहे, आणि तो संताप अजून पुरता गेलेला नाही. फक्त त्यात आता माझाही वाटा धरते.

चरबी दादांच्या पोटात गेली होती तर आकडा पडला कसा? मी पुन्हा सरांकडे गेले आणि ह्या वेळी तूप आमचंच असल्याचं सांगितलं. सरांनी पहिलाच प्रश्न केला, ‘‘म्हशी काय खातात?’’ येवल्याकडच्या आहेत, एवढंच मी सांगितलं. सरांनी जाडजूड पुस्तक काढून तक्ता उघडला. कपाशीच्या मुलखातल्या तुपासाठी तिथे वेगळा रकाना होता. जनावरांना सरकी, म्हणजे कपाशीचं बी, फार घातली की तूप घट्ट होतं, रवा मोठा येतो आणि आकडा खाली जातो. तूप चोख असलं तरी. आमचा आकडा त्या रकान्यात अगदी नीट बसत होता. ‘‘तू शेजारच्यांचं म्हणालीस,’’ सर म्हणाले, ‘‘मी नाशिकचं धरलं.’’

पुढच्या गुरुवारी मी स्वतः येवल्याची बस धरली. मामा गोठ्यातच होता. सरकीचं नाव काढताच त्याने कोपऱ्यातल्या पोत्यांकडे बोट केलं. ‘‘घालतो ना, सहा महिने झाले. लय स्वस्त झाली. तेलाच्या मिलवाले घेईनात, बाहेरदेशाहून जहाजं भरून तेल येतं, चरबी येती, त्यांला आपली सरकी कशाला पाहिजे? मंग म्हटलं, म्हशींला तरी खाऊ द्या. दूध बी चांगलं दाट देतात. का गं, काय झालं?’’ मी त्या पोत्यांवर बसून राहिले. परदेशी चरबी आमच्या तुपात कुणी घातली नव्हती. ती कुठल्या तरी बंदरात उतरली, इथे सरकीचा भाव पडला, आणि ती सरकी आमच्या म्हशींच्या पुढ्यात आली. भाचा आता फोनवर मागणी-पुरवठा समजावून सांगतो तेव्हा मला मामाचा गोठा आठवतो. मला तो धडा कुणी समजावून द्यायला नको आहे.

आईला सांगितलं तेव्हा ती आधी हसली आणि मग भांड्यांच्या मांडणीकडे तोंड करून रडली. दुसऱ्या दिवशी मी तक्ता उतरवून घेऊन लिमयेबाईंकडे गेले. त्यांनी तो चष्मा लावून सबंध वाचला. ‘‘आम्हाला शंका नव्हतीच गं,’’ त्या म्हणाल्या, ‘‘आईला सांग, वाईट वाटून घेऊ नको म्हणावं.’’ चहा दिला, अभ्यासाची चौकशी केली. तूप भरायला रिकामा डबा मात्र दिला नाही. बाकीच्या घरांतूनही आला नाही. आईची मान त्या गल्लीत पुन्हा तशी कधी दिसली नाही, पण आत्याला परत आणायचं तिने त्याच संध्याकाळी ठरवलं. ‘‘तू जा आधी,’’ ती मला म्हणाली, ‘‘तोंड तुझं सुटलं होतं.’’

दिंडोरीच्या पुढे द्राक्षांच्या बागेत आत्या मजुरीला जात होती. वाढलेल्या काड्या तारेला बांधायचं काम. उन्हाने काळी पडली होती. मी तिथेच वाफ्यात उभी राहून सगळं सांगितलं: सरकी, मामाच्या म्हशी, तक्ता, दादांचा डबा. हात जोडून म्हटलं, ‘‘आत्या, तुपात काहीच नव्हतं. तू काहीच केलं नव्हतंस. मग हो का म्हणालीस?’’

तिच्या हातातली सुतळी तशीच राहिली. ‘‘काहीच नव्हतं?’’ तिने विचारलं. ‘‘म्हंजे सुमनने बी नाय घातली?’’

मला आधी कळलंच नाही. मग कळलं. ‘‘तुला वाटलं, आईने...?’’

‘‘लोणी कमी आलं व्हतं त्या टायमाला. डबे तर समदे भरले तिनं. म्या म्हटलं, गिऱ्हाईक तुटू नये म्हणून घातली असल बिचारीनं, माझ्याच डबीतली. डबी बी लवकर सरायची.’’ ती खाली वाकून वाफ्यातच बसली. ‘‘तुझ्या बापाला तर रोज थोडी थोडीच लावत व्हते. म्या आपलं तिच्यावर धरलं. म्हटलं, तिचं नाव जाण्यापरीस माझं गेलं तर काय बिघडतं.’’

‘‘घरच्या बरणीतलं तूप ओतून भरले होते गं तिने डबे. आम्ही महिनाभर कोरडा भात खाल्ला.’’

‘‘मला कुठं तूप लागतं,’’ आत्या म्हणाली, ‘‘मला काय कळणार.’’

मी तिचा हात धरला, चल म्हटलं, आई वाट बघतेय, सगळी गिऱ्हाइकं परत येतील असंही खोटंच सांगितलं. तिने हात सोडवून घेतला. राग नव्हता त्यात. ‘‘तुम्ही माझ्यावर संशय घेतला, त्याचं मला काय नाय,’’ ती म्हणाली. ‘‘पण म्या तिला काय समजले गं! रोज तिच्या हातचं खाऊन. आता तिच्या तोंडाकडं कशी बघू? ती विचारल, आक्का, हो का म्हणला? काय सांगू तिला?’’ मग ती उठली आणि पुढच्या वेलीकडे गेली. बराच वेळ मी तिच्या मागून रांगेने चालत राहिले, आणि ती बांधत राहिली.

घरी आले तेव्हा आई दारातच होती. माझ्यामागे कुणी नाही हे तिने बघितलं. मी म्हटलं, ‘‘द्राक्षाचं काम संपलं की येते म्हणाली.’’ ते काम संपलं, पुढच्या वर्षीचंही संपलं. आई निरोप पाठवत राहिली, दादा दोनदा जाऊन आले, आणि प्रत्येक वेळी आत्याकडे एक नवं काम निघालं. शेवटी ती तिथेच वारली. ती खरंच का आली नाही हे मी आईला शेवटपर्यंत सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिला कळलं असतं की गिऱ्हाइकांसारखाच घरातल्या माणसानेही तिच्यावर संशय घेतला होता, आणि मग मायेपोटी तो स्वतःवर ओढवून घेतला होता. त्या संध्याकाळी आईने फक्त एकच विचारलं होतं. ‘‘माझ्यावर राग आहे का गं त्यांचा?’’

‘‘नाही,’’ मी म्हटलं. तेवढं एक खरं होतं.